गेममध्ये चीटिंग करतो, उद्या परीक्षेत करेल का?

"मॅडम, आज गेममध्ये चीटिंग, उद्या परीक्षेत कॉपी!" सातवी-आठवीतल्या मुलांच्या पालकांकडून हल्ली हे इतक्यांदा ऐकते, की एक केस सांगूनच टाकते. नाव, तपशील बदलले आहेत.

निनाद अ‍ॅगर डॉट आयओ खेळायचा. २०१५ पासूनचा हा ब्राउझर गेम. आपला गोळा लहानांना गिळत वाढतो, मोठ्यांपासून पळतो. गोळा वाढेल तसं जास्त मैदान दिसतं. गोळा लहान असताना लांबचं दिसत नाही, खरी गंमत त्यातच. निनादने झूमची स्क्रिप्ट टाकली होती, म्हणजे गोळा लहान असतानाही लांबचं दाखवणारा छोटा प्रोग्राम. आईने ती पाहिली आणि घरात 'चोर' म्हणून झालं.

"सगळेच लावतात," तो हाताची घडी घालून म्हणाला. "आणि आमचं नेट स्लो आहे, ते फेअर आहे?"

मुद्दा बिनतोड होता. मी तसं कबूलही केलं. मग विचारलं, "मित्रांबरोबर पार्टी मोडमध्ये खेळताना झूम लावतोस?"

"नाही."

"का? हरतोस की."

बराच वेळ गप्प. "त्यांना कळलं तर ते खेळणार नाहीत माझ्याशी."

"आणि बाकीचे?"

"ते काय, नुसती नावं असतात."

इथे मला धागा सापडला. प्रामाणिकपणा होता, पण ओळखीच्यांपुरता. मानसशास्त्रज्ञ जीन पियाजेने स्वित्झर्लंडमधल्या मुलांना गोट्या खेळताना पाहून मांडलं, की लहानांना नियम मोठ्यांनी घालून दिलेला वाटतो. दहा-बाराव्या वर्षाच्या सुमारास कळू लागतं, की तो खेळणाऱ्यांनी आपसात ठरवलेला असतो. (मी फिरून पियाजेवरच येते, सहकारी चिडवतात.) पण गोट्या खेळताना समोरच्याचा चेहरा दिसतो. इथे टोपणनाव दिसतं. मग ठरवायचं कुणाशी?

म्हणून व्याख्यान दिलं नाही. त्यालाच मॉड्सची, म्हणजे गेममध्ये बदल करणाऱ्या अशा जोडण्यांची, यादी करायला लावली. प्रत्येकापुढे एकच प्रश्न : समोरच्याला सांगून वापरशील? स्किन (गोळ्याचं रूप), लॅग म्हणजे नेटचा अडखळा कमी करणारं सेटिंग : हो. झूम : नाही. एक बटण दाबून धरलं की भराभर मास (गोळ्याचे तुकडे) फेकणारा मॅक्रो, म्हणजे आपोआप चालणारी कळ : "माहीत नाही." इतकी नेमकी वर्गवारी मलाही जमली नसती.

पालकांनो, 'चोर' म्हणू नका. शेजारी बसा, मॉड नेमकं काय करतं ते विचारा. परीक्षेचं भाकीत करण्याआधी मूल मित्रांशी कसं खेळतं ते बघा. आणि असं मॉड ब्राउझरला जोडणारं एक्स्टेन्शन कोणत्या परवानग्या मागतं ते वाचाच. 'सर्व वेबसाइटवरचा डेटा वाचणे आणि बदलणे' यात तुमच्या मेलचा पासवर्डही जाऊ शकतो. मला झूमपेक्षा ही काळजी मोठी वाटते.

निनादने झूम काढलं. मॅक्रो ठेवला. आईला ते पटलेलं नाही, मला तूर्त चालतंय. त्यावर आमची बोलणी सुरू आहेत.