खटला रखडलाय? धारवाडला जाण्याआधी हे करा

बेळगावचा फौजदारी खटला लवकर चालवण्याची विनंती कर्नाटक उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठाकडे जाते, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४८२). पण घाई करू नका. आधी ऑर्डर शीटची (प्रत्येक तारखेला काय झालं त्याची कोर्टाची नोंद) प्रमाणित नक्कल काढा आणि प्रत्येक तारखेपुढे लिहा: मुदत कोणी मागितली, कारण काय. ‘समन्स बजावून आलं नाही, पुढील तारीख’ अशी ओळ सलग चार-पाचदा दिसली, तर तुमची बाजू भक्कम. निम्म्या तारखा तुमच्याच वकिलांनी घेतल्या असतील, तर पहिला प्रश्न त्यावरच येणार.

मग खालच्या कोर्टात त्याच संहितेच्या कलम ३४६ खाली रोजच्या रोज सुनावणीचा अर्ज द्या. दखल घेतली नाही, तर त्या अर्जाचीच नक्कल उच्च न्यायालयातल्या याचिकेला जोडा. कन्नड कागदांचं इंग्रजी भाषांतरही लागतं. ते राहिलं की उच्च न्यायालयाचं ऑफिस हरकत काढतं.

‘तीन महिन्यांत निकाल द्या’ एवढंच मागू नका. २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितलंय की असा कालबद्ध आदेश अपवादात्मक परिस्थितीतच द्यावा. त्यापेक्षा समन्स बजावणी आणि सलग तारखा मागा. आरोपी कोठडीत असेल किंवा साक्षीदार वृद्ध असेल, तर ते याचिकेच्या पहिल्याच परिच्छेदात येऊ द्या.