भाऊबीजेला वीस माणसं घरी जेवायला येणार आहेत, धावपळ न होता कसं जमवायचं?

तुम्ही लिहिलंय की यंदा भाऊबीजेला सासर-माहेर दोन्हीकडची मंडळी तुमच्या टू बीएचकेमध्ये येणार आहेत आणि आत्तापासूनच टेन्शन आलंय. आमच्याकडे दरवर्षी साधारण एवढीच माणसं असतात म्हणून अगदी मनापासून सांगते, सगळं एकटीनेच आणि घरीच करायचं हे आधी डोक्यातून काढा, ज्या बाईच्या घरी भाऊबीज तीच दिवसभर ओट्याशी उभी, हे मला अजिबात पटत नाही.

फराळ वाटून घ्या. फॅमिली ग्रुपवर पंधरा दिवस आधीच ठरवून टाका, चकली नणंदेकडे, लाडू वहिनीकडे, चिवडा तुम्ही ठेवा कारण तो एका संध्याकाळी होतो. अनारसे सरळ बचतगटाच्या बायकांकडून घ्या, तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, मग सावलीत सुकवून दळायचे, गूळ घालून पीठ मुरवायचं, नोकरी करून कुठे जमतंय हे सगळं!

जेवणाचं म्हणाल तर भाऊबीजेपर्यंत गोड आणि तळलेलं खाऊन सगळ्यांना कंटाळा आलेला असतो, त्यामुळे श्रीखंड-पुरीचा घाट घालू नका. आम्ही मसालेभात, मठ्ठा, काकडीची कोशिंबीर आणि पापड एवढंच करतो. फराळ झालेला असतो म्हणून वीस जणांना दीड किलो तांदूळ पुरतो, पण कोलम घ्या, आंबेमोहोराचा एवढ्या मोठ्या पातेल्यात गोळा होतो. फोडणीत तोंडली आणि निथळलेले तांदूळ चांगले परतायचे, गोडा मसाला, दुप्पट आधणाचं पाणी, आणि पाणी आटत आलं की पातेल्याखाली तवा सरकवून गॅस अगदी बारीक करायचा, झाकण ठेवून विसरून जायचं. खाली लागत नाही आणि तेवढ्या वेळात तुम्ही बाहेर येऊन सगळ्यांबरोबर बसू शकता. वरून ओलं खोबरं-कोथिंबीर आणि तूप, बास.

ओवाळणं जेवणाआधीच उरकून घ्या, एकच पाट, एकच तबक, मोठ्यांपासून सुरुवात करायची म्हणजे गोंधळ होत नाही. ज्यांची बहीण परदेशात आहे त्यांना व्हिडिओ कॉल लावून द्या. आणि एक गोष्ट नक्की करा, घरात जिला भाऊ नाही ती चंद्राला ओवाळते ना, तिच्याबरोबर सगळ्यांनी गच्चीवर जा, तिला एकटीला पाठवू नका. द्वितीयेची कोर सूर्य मावळल्यावर पश्चिमेला थोडाच वेळ दिसते त्यामुळे निरांजन आधीच तयार ठेवा नाहीतर बिल्डिंगांच्या मागे जाते.

मुलांसाठी वेगळे गेम वगैरे काही लागत नाहीत, खाली किल्ला असला की झालं, वसुबारसेच्या सुमारास त्यावर अळीव पेरले तर भाऊबीजेला हिरवागार होतो आणि आलेली भावंडं मावळे मांडत तासन्‌तास तिथेच रमतात.

भांडी भावांना आणि जावयांना घासू द्या, आमच्याकडे एक घासतो, एक विसळतो, एक पुसतो, गप्पा मारत अर्ध्या तासात ओटा साफ. सुरुवातीला सासूबाईंना आवडलं नाही पण आता त्याच हाका मारून उठवतात त्यांना.