विश्वास ‘ठेवणे’ आणि विश्वास ‘बसणे’

‘पतसंस्थेवर विश्वास ठेवला’ आणि ‘पतसंस्थेवर विश्वास बसला’ या वाक्यांचा अर्थ एकच मानावा का, असे अमळनेरच्या एका वाचकाने विचारले आहे. माझ्या मते मानू नये.

पहिल्या वाक्यात विश्वास ठेवणारा मी आहे आणि ठेवायचा की नाही हे माझ्या हाती आहे. म्हणूनच ‘विश्वास ठेव’ असे दुसऱ्याला सांगता येते. दुसऱ्या वाक्यात कर्ता खुद्द विश्वास असून मी ‘माझा’ एवढ्यापुरताच उरतो, त्यामुळे तशी आज्ञा कोणालाच करता येत नाही. ‘जम बसणे’, ‘हात बसणे’ यांतले अनुभवाने सावकाश घडणारे ‘बसणे’ तेच हे. (बातमी ऐकून आपण ‘विश्वासच बसत नाही’ म्हणतो, तो प्रयोग आश्चर्याचा आहे, तो येथे धरू नये.)

रावेर-यावल पट्ट्यातला केळी उत्पादक नव्या व्यापाऱ्याला माल देतो तेव्हा तो विश्वास ठेवतो, कारण कापलेला घड फार दिवस थोपवून धरता येत नाही आणि पैसे मात्र पुष्कळदा मागाहून यायचे असतात. वजनात कटती किती धरली, जाहीर भावानेच हिशेब झाला का, कबूल केलेल्या दिवशी रक्कम आली का, हे एक-दोन हंगाम पाहिल्यानंतर त्याचा विश्वास बसतो किंवा उडतो. सोयरिकीतही घराण्याच्या नावावर विश्वास ठेवला जातो. तो बसायचा की नाही हे लेक नांदू लागल्यावरच ठरते.

पतसंस्थेच्या बाबतीत गल्लत होते ती येथे, की संचालक गावातला किंवा नात्यातला असल्यामुळे त्याची ओळख हीच संस्थेची ओळख समजली जाते. बँकेतील ठेवींना 2020 पासून 5 लाख रुपयांपर्यंत विम्याचे संरक्षण आहे, पतसंस्थेतील ठेवींना ते नाही, हेही अनेक ठेवीदारांना ठाऊक नसते. जळगाव जिल्ह्यात अनेक पतसंस्थांमध्ये ठेवी अडकल्या, त्या ठेवीदारांविषयी लिहिताना म्हणूनच मी ‘विश्वास ठेवला होता’ असे लिहीन. वार्षिक सभेत लेखापरीक्षणाचा अहवाल मागून, थकबाकी किती आणि कोणाकडे हे वाचून, त्यानंतरही जो सभासद ठेवीचे नूतनीकरण करतो, त्याच्याविषयी ‘विश्वास बसला’ हे शब्द योग्य होतील.