तोंडी एकही वाक्य नसलेली भूमिका

प्रश्न : आम्ही कॅनडात, मिसिसागा येथे राहतो. मुलगी बारावीत आहे. शाळेतील नाट्यशिक्षिकेने ‘तुझा पिंड नायिकेचा नाही, चरित्र अभिनेत्रीचा आहे’ असे सांगितल्यापासून तिने तोच ध्यास घेतला आहे. जन्मभर किरकोळ भूमिका करून पोट भरते का? की आधी कॉम्प्युटर सायन्सची पदवी घ्यायला लावावी?

उत्तर : आपली सारी काळजी ‘किरकोळ’ या एका शब्दात साठलेली दिसते, म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

टोरांटोत १९३८ साली जन्मलेले अभिनेते विल्यम बी. डेव्हिस लहानपणी सीबीसी या कॅनडाच्या सार्वजनिक नभोवाणीच्या नभोनाट्यांत कामे करीत. टोरांटो विद्यापीठातून तत्त्वज्ञान शिकून ते इंग्लंडला गेले, तेथे रंगभूमीवर दिग्दर्शन केले आणि परतल्यावर माँट्रियलच्या नॅशनल थिएटर स्कूलमध्ये इंग्रजी अभिनय विभागाचे प्रमुख झाले. पुढे व्हँकुव्हरला त्यांनी स्वतःची अभिनयशाळा काढली. १९९३ मध्ये त्याच शहरात ‘द एक्स-फाइल्स’ या अमेरिकन मालिकेचे चित्रीकरण सुरू झाले, तेव्हा तीन वाक्ये असलेल्या एका भूमिकेसाठी त्यांनी ऑडिशन दिली; ती मिळाली नाही, मिळाली ती एकही वाक्य नसलेली. पहिल्या भागात हा माणूस अधिकाऱ्याच्या खोलीत कपाटाला टेकून सिगारेट ओढत उभा राहतो आणि समोरचे बोलणे ऐकतो. पण त्या ऐकण्यात असे काही होते की पुढे तोच मालिकेचा मुख्य खलनायक ठरला. (डेव्हिस यांनी स्वतः सिगारेट कधीच सोडली होती, हा त्यातला विनोद.) त्या वेळी त्यांचे वय ५५ होते, मात्र तोपर्यंतची वर्षे ते नशिबाची वाट पाहत बसलेले नव्हते, अभिनय शिकवून आणि नाटके बसवून संसार चालवीत होते. आपल्या मुलीच्या बाबतीत मला हीच गोष्ट सर्वांत मोलाची वाटते.

टोरांटो आणि व्हँकुव्हर येथे करसवलतींमुळे आणि स्वस्त कॅनेडियन डॉलरमुळे अमेरिकन निर्माते मोठ्या संख्येने येतात. प्रमुख कलाकार ते बहुधा लॉस एंजेलिसहून आणतात; डॉक्टर, वकील, शेजारीण, हवालदार मात्र स्थानिक घेतात, कारण एका दिवसाच्या कामासाठी कोणी विमानाचे तिकीट काढत नाही. चरित्र कलाकाराचा चरितार्थ या दिवसांवर चालतो. ॲक्ट्रा या कलाकार संघटनेच्या करारात पाच वाक्यांपर्यंतची भूमिका आणि सहा किंवा अधिक वाक्यांची भूमिका यांचे दर वेगळे आहेत, आणि हे दर बरे असले तरी असे दिवस वर्षात किती मिळतील याची हमी कोणीही देऊ शकत नाही. म्हणून जोडधंदा लागतोच, आणि तो वेळ मोकळा ठेवणारा हवा. ऑडिशनचा निरोप दोन दिवस आधी येतो, तेव्हा नऊ ते पाचची नोकरी आड येते.

कॉम्प्युटर सायन्स वाईट नाही, पण मनाविरुद्ध लादलेली चार वर्षे मला महाग वाटतात. आपल्या घराजवळच टोरांटो विद्यापीठाचा मिसिसागा विभाग आणि ओकव्हिलचे शेरिडन कॉलेज मिळून नाट्यशास्त्राचा चार वर्षांचा अभ्यासक्रम चालवतात. त्यातून विद्यापीठाची पदवी आणि कॉलेजचा अभिनयाचा डिप्लोमा, दोन्ही मिळतात. अशी पदवी हाती असली तर पुढे शिक्षिका होण्याची वाटही मोकळी राहते. मी आपल्या जागी असतो तर याचाच अर्ज आधी भरला असता.

प्रवेशासाठी ऑडिशन असते. तिच्या तयारीच्या वेळी एखादा दोन पात्रांचा प्रवेश घ्या, समोरच्या पात्राची वाक्ये आपण स्वतः वाचा आणि तिच्या तोंडी काहीच नसते तेव्हा ती काय करते, तेवढे नीट पाहा.