बालवयातील भूमिकेनंतरची वाट

प्रिय,
सप्रेम आशीर्वाद.

लहानपणी केलेल्या एकाच भूमिकेच्या नावाने लोक तुला अजूनही हाक मारतात आणि जाणत्या वयाची कामे मात्र कोणी देत नाही, ही तुझी खंत वाचून मला झाँ-पिएर लेओ या फ्रेंच नटाची आठवण झाली. १९४४ साली जन्मलेला हा अभिनेत्रीचा मुलगा चौदाव्या वर्षी फ्रान्स्वा त्र्युफो यांच्या ‘द फोर हंड्रेड ब्लोज’ या चित्रपटात आंत्वान दुआनेल नावाचा मुलगा झाला; १९५९ साली कान चित्रपट महोत्सवात त्र्युफो यांना दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले आणि मुलगा जगाच्या ओळखीचा झाला.

त्यातील मानसशास्त्रज्ञाने केलेल्या चौकशीचा प्रसंग तू पुन्हा पाहा. प्रश्न विचारणारी बाई पडद्यावर दिसत नाही, कारण चित्रीकरणाच्या वेळी प्रश्न स्वतः त्र्युफो विचारत होते आणि बाईचा आवाज नंतर घातला गेला. मुलाला उत्तरे लिहून दिलेली नव्हती. तो हातांशी चाळा करतो, खांदे उडवतो, नजर खाली नेतो आणि मध्येच लाजून हसतो. इतके निखळ बोलणे मी पडद्यावर फार थोड्या वेळा ऐकले आहे. परंतु हे देणे त्या वयाचे असते. तुझ्याही पहिल्या कामात ते होते, आणि ते जसेच्या तसे परत आणण्याची तुझी धडपड मला चुकीची वाटते.

लेओ यांनी दुआनेलला टाकून दिले नाही. १९७९ पर्यंत, म्हणजे वीस वर्षांत पाच चित्रपटांतून, ते त्या पात्राबरोबरच मोठे झाले. मात्र तेवढ्यावर न थांबता विशीच्या उंबरठ्यावर त्यांनी सहायक म्हणून कॅमेऱ्यामागे काम केले. दिग्दर्शक गोदार यांच्या ‘पिएरो ल फू’ या चित्रपटासाठीही केले. पुढे गोदार यांच्याच चित्रपटातील भूमिकेसाठी १९६६ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात ते सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरले. १९७३ साली दिग्दर्शक झाँ उस्ताश यांच्या साडेतीन तासांहून लांब चित्रपटात तर त्यांना लांबच लांब संवाद लिहिल्याबरहुकूम, अक्षरही न बदलता म्हणावे लागले. ज्याला एकेकाळी वाक्येच दिली नव्हती, त्याने दुसऱ्याच्या वाक्यांत आपला श्वास बसवला. माझ्या मते तो नट म्हणून मोठा झाला तो इथे. पुढे २०१६ साली मरणासन्न फ्रेंच राजा चौदावा लुई त्यांनी जवळजवळ सबंध चित्रपटभर अंथरुणावर पडून, केवळ चेहऱ्याने उभा केला.

तेव्हा हाती आलेली ती मालिका स्वीकारण्यापूर्वी एखाद्या चित्रपटावर सहायकाचे काम माग, मोबदला कमी असला तरी चालेल. पुढच्या वेळी येशील तेव्हा तुझ्या बोलीपासून दूरच्या गद्याची दोन पाने पाठ करून ये. मी समोर पुस्तक उघडून बसेन आणि एक शब्द हलला तरी तुला थांबवेन.

तुझा,
शुभचिंतक