उरलेले सुके मटण, कालची भाजी आणि चार अंडी

आपला प्रश्न असा आहे : रविवारच्या सुक्या मटणाचे पाच-सहा तुकडे आणि वाटीभर फ्लॉवर-बटाट्याची भाजी सोमवारी फ्रिजमध्ये उरली होती. ती तीन अंड्यांत कालवून आपण आम्लेट करायला घेतले, पण ते उलटताना फुटले, तव्यात पाणी सुटले आणि मटण आतून गारच राहिले. असे का झाले, आणि संध्याकाळी कामावरून आल्यावर पंधरा-वीस मिनिटांत दोघांचे जेवण होईल असे या उरलेल्या अन्नाचे काय करावे, हे आपल्याला हवे आहे. उत्तर थोडे सविस्तर देत आहे, कारण यातले एकच तंत्र नीट समजले की पुढे कोणतीही उरलेली भाजी आणि कोणतेही मटण-चिकन त्यात बसवता येते.

आपल्या तिन्ही अडचणींचे मूळ एकच आहे. उरलेले अन्न थंड आणि ओले असतानाच अंड्यात गेले. फ्रिजमधून काढलेले सुके मटण दिसते तेवढे सुके नसते. मटण शिजताना हाडांच्या सांध्यांतून जो चिकट अंश मसाल्यात उतरतो, तो गारठल्यावर थिजतो, चरबीही थिजते, आणि त्यामुळे मसाला तुकड्यांना घट्ट धरून बसल्यासारखा वाटतो. तव्याची ऊब लागताच दोन्ही वितळतात आणि डब्यात कोरडे दिसणारे मटण ओले होते. दुसरीकडे, अंड्याचा पांढरा भाग ६२ ते ६५ अंश सेल्सियसच्या आसपास गोठू लागतो आणि पिवळा बलक त्याहून थोड्या अधिक उष्णतेला घट्ट होतो. म्हणजे अंड्याला तव्यावर दोन-तीन मिनिटे पुरतात, तर फ्रिजमधल्या गार मटणाच्या मधल्या भागापर्यंत उष्णता पोहोचायला त्याच्या कितीतरी पट वेळ लागतो. मटण गरम होईपर्यंत थांबावे तर अंडे प्रमाणाबाहेर शिजते, आवळते आणि आपल्यातले पाणी बाहेर पिळून टाकते. आपल्या तव्यात जमलेले पाणी असे दोन वाटांनी आले होते, आणि जड तुकड्यांना धरून ठेवण्याइतके अंडे त्यात नसल्यामुळे आम्लेट उलटताना फुटणे ओघानेच आले.

माझ्या मते यावरचा सर्वांत सोपा उपाय मुंबईतल्या पारशी घरांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आला आहे. त्याला ‘पर ईडू’ म्हणतात. ‘पर’ म्हणजे वर आणि ‘ईडू’ म्हणजे अंडे. परतलेल्या भेंडीवर अंडी, टोमॅटोवर अंडी, खिम्यावर अंडी, बटाट्याच्या तळलेल्या बारीक सळ्यांवर अंडी, असे त्याचे अनेक प्रकार आहेत, आणि आदल्या दिवशीची भाजी संपवण्यासाठीही तो हमखास केला जातो. मी तो दादरला राहत असताना शेजारच्या पारशी बाईंच्या स्वयंपाकघरात उभी राहून शिकले. त्यांच्या हातून एकदाही अंडे भाजीत कालवलेले मी पाहिले नाही. आधी भाजीचा थर तव्यावर पूर्ण गरम आणि कोरडा व्हायचा, मग त्यावर अंडी फुटायची आणि वर झाकण बसायचे. उलटण्याचा प्रश्नच नसल्यामुळे फुटण्याचाही नाही.

आता आपल्याकडच्या जिन्नसांतून तो कसा करावा ते सांगते. दोघांसाठी चार अंडी आणि उरलेले अन्न सगळे मिळून दीड ते दोन वाट्या, हे प्रमाण मला बरोबर वाटते. थराची जाडी बोटभरापेक्षा अधिक झाली की अंड्याची चव हरवते. मटणाची हाडे काढून मांस हातानेच धाग्याच्या दिशेने सोडवावे आणि हरभऱ्याएवढे बारीक करावे. सुरीने केलेल्या चौकोनी तुकड्यांपेक्षा हाताने सोडवलेले मांस लवकर गरम होते आणि त्याच्या धाग्यांत अंडे शिरून थर एकसंध राहतो. फ्लॉवर आणि बटाटा बोटांनी थोडा कुस्करून घ्यावा.

साधारण २० सेंटिमीटर व्यासाचा, किंचित कड असलेला आणि झाकण बसेल असा जाड बुडाचा तवा घ्यावा. घरी बिडाचा असेल तर उत्तम, कारण त्यात उष्णता सारखी टिकते. तेलाऐवजी मटणाच्या मसाल्यावर थिजलेली चरबी किंवा रश्श्यावरची तर्री चमचाभर काढून तीच तव्यात वितळवावी. सगळ्या पदार्थाला आदल्या दिवसाच्या मटणाचा वास येतो, तो यामुळे. त्यात एक कांदा बारीक चिरून गुलाबी होईपर्यंत परतावा, मग मटण घालावे आणि मध्यम आचेवर तीन-चार मिनिटे मसाला तव्याला किंचित लागू लागेपर्यंत हलवत राहावे. भाजी त्यानंतर. भाजीतून वाफ यायची थांबत नाही तोवर तिच्यात पाणी आहे असे समजावे आणि झाकण न घालता परतावे. उलथन्याने थर बाजूला केला असता तव्याचा तळ ओला न राहता नुसता तेलकट दिसला, की तो अंड्यासाठी तयार झाला. संपूर्ण कृतीत धीर धरण्याची जागा हीच आहे आणि बहुतेकांची घाईही इथेच होते.

मीठ या टप्प्यावर चाखून पाहावे. मटण आणि भाजी दोन्हींत मीठ आधीच पडलेले असते आणि पाणी आटल्यावर ते अधिक जाणवते, म्हणून मी वेगळे मीठ फक्त अंड्यांवर आणि तेही चिमूटभरच घालते. हिरवी मिरची आणि कोथिंबीर मात्र ताजी हवी, कारण उरलेल्या अन्नात नेमका ताजेपणाच कमी झालेला असतो.

मग आच अगदी मंद करावी, थर चमच्याने सारखा दाबावा आणि चमच्याच्या पाठीने त्यात चार खळगे करावेत. प्रत्येक अंडे आधी वाटीत फोडून मग खळग्यात सोडावे, म्हणजे एखादे खराब निघाले तरी सगळा थर वाया जात नाही. थराच्या कडेने चमचाभर पाणी सोडून लगेच झाकण घालावे. कोंडलेल्या वाफेने अंड्याची वरची बाजूही शिजते. चार-पाच मिनिटांत पांढरा भाग घट्ट होतो आणि बलक मऊ राहतो. बलक पूर्ण शिजलेला हवा असेल तर आणखी तीन मिनिटे ठेवावे. लहान मुले, वयस्कर माणसे किंवा गरोदर स्त्री जेवणार असेल तर तो पूर्ण शिजवावाच. आच वाढवून वेळ वाचवण्याचा प्रयत्न करू नये, कारण तळाचे अंडे चिवट होते आणि वरचे कच्चेच राहते.

अंडी फोडून सोडण्याऐवजी फेटून ओतली तरी चालतात. तेव्हा ती थराच्या फटींतून खाली उतरतात आणि पदार्थ वडीसारखा कापता येतो. अशा वेळी झाकणाखाली सात-आठ मिनिटे लागतात. फेटताना दूध घालण्याची सवय अनेकांना असते. उरलेल्या भाजीबरोबर ते घालू नये असे माझे स्पष्ट मत आहे, कारण आपण इतका वेळ खटपट करून जे पाणी काढले तेच दुधाने परत येते.

भाज्यांत निवड करावी लागते. बटाटा, फ्लॉवर, श्रावणघेवडा, गवार, भेंडी, कोबी आणि पीठ पेरलेली कोणतीही भाजी निर्धास्त वापरावी. मेथी आणि पालक चालतात, पण आधी हाताने पिळून घ्यावेत. वांग्याचे भरीत उरले असेल तर यासाठी त्याहून चांगले काही नाही. त्याचा मऊ थर अंडे फार सुंदर धरतो. दुधी, दोडका, पडवळ या पाणीदार भाज्या आटवल्या तरी पाणी सोडत राहतात, म्हणून त्यांच्यावर भाजलेले बेसन चमचाभर पेरावे, ते ओलावा ओढून घेते. चिंच किंवा आमसूल भरपूर असलेली भाजी मी टाळते. आंबटपणामुळे अंडे लवकर गोठते. टोमॅटो चालतो, पण तो तेल सुटेपर्यंत आटवलेला हवा.

मांसाच्या बाबतीत खिमा सर्वांत सोपा, तो तसाच पसरता येतो. मुंबईतल्या इराणी हॉटेलांत मिळणारा खिमा घोटाळा याच्याच जवळचा, फक्त त्यात अंडे खिम्यात घोटून टाकतात. चिकन मटणापेक्षा लवकर कोरडे पडते, म्हणून ते भाजी आटल्यावर शेवटी घालून केवळ गरम करावे. तळलेली सुरमई किंवा रावस उरला असेल तर काटे अतिशय काळजीपूर्वक काढावेत आणि मसाला सौम्य ठेवावा.

एका बाबतीत मात्र तडजोड करू नये. शिजवलेले मटण आणि भाजी जेवणानंतर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जायला हवी, आणि एप्रिल-मेच्या उन्हाळ्यात तर तासाभरातच, कारण ५ ते ६० अंशांच्या मधल्या तापमानात जंतू वेगाने वाढतात. मोठ्या पातेल्यात खोल भरून ठेवलेले अन्न मध्यभागी बराच वेळ कोमट राहते, म्हणून ते पसरट डब्यांत काढून ठेवावे. फ्रिजमध्ये तीन दिवस ठीक, चार दिवस शेवटची मर्यादा. ओल्या खोबऱ्याचे वाटण असलेला मसाला त्याआधीच आंबतो, तो मी दुसऱ्याच दिवशी संपवते. थर गरम करताना मधला भागही ७५ अंशांपर्यंत, म्हणजे हाताला चटका बसेल इतका तापला पाहिजे. ज्या भागाची अंडी करायची तेवढाच काढून गरम करावा, सगळा डबा पुनःपुन्हा तापवू नये.

रस्सा उरला असेल तर तो या तव्यात ओतू नये. तर्री काढून घेतल्यावर उरलेला रस्सा वेगळा उकळून वाटीत द्यावा आणि पदार्थ ज्वारीच्या भाकरीबरोबर किंवा पावाबरोबर वाढावा. दुसऱ्या दिवशी डब्यात न्यायचा असेल तर फेटलेल्या अंड्यांचा प्रकार करावा आणि अंडे पूर्ण घट्ट शिजवावे. चौकोनी तुकडे करून रात्रीच फ्रिजमध्ये ठेवावेत आणि सकाळी तव्यावर दोन्ही बाजूंनी चांगले गरम करून, वाफ गेल्यावरच डब्यात भरावेत. गरम असताना झाकण लावले तर तुकड्यांना पाणी सुटते. मऊ बलकाचा प्रकार मात्र तव्यावरून थेट ताटात वाढण्यासाठीच आहे, तो डब्यासाठी करू नये.