'गौण वनोपज'मधलं 'गौण' कुठून आलं?

प्रश्न असा: वनहक्कांविषयीच्या शासकीय मजकुरात मोह, तेंदूपानं, मध अशा जंगलातून गोळा होणाऱ्या मालासाठी 'गौण वनोपज' हा शब्द सारखा येतो. ज्याच्यावर हजारो घरांची चूल पेटते त्याला 'गौण' म्हणणं बरं आहे का? याला दुसरा शब्द सुचवा. आणि 'वनोपज' लिहावं की 'वनउपज'?

'गौण' हे 'गुण'पासून झालेलं विशेषण आहे. संस्कृतात 'गुण' म्हणजे एखाद्या मुख्य वस्तूच्या आश्रयानं असलेलं, असाही एक अर्थ आहे. आपण शाळेत मिश्र वाक्य शिकलो तेव्हा एक प्रधान वाक्य असायचं आणि एक गौण. गौण वाक्य एकट्यानं उभं राहत नाही, त्याला प्रधानाचा टेकू लागतो. म्हणून 'गौण वनोपज' वाचलं की पहिला प्रश्न पडायला हवा तो हा, की मग इथे प्रधान कोण?

प्रधान म्हणजे इमारती लाकूड. इंग्रजांच्या अमदानीत वनखातं उभं राहिलं तेव्हा सरकारची नजर साग, साल, देवदारावर होती. जहाजं बांधायला लाकूड हवं होतं, रेल्वेच्या रुळांखाली स्लीपर हवे होते. खात्याच्या जमाखर्चात लाकूड हे मोठं उत्पन्न आणि बाकी सगळं 'मायनर'. त्या 'मायनर'चं आपण 'गौण' केलं, मुरूम आणि वाळूला 'गौण खनिज' म्हणतो तसंच. थोडक्यात, हा शब्द जंगल पाहून नाही, वही पाहून तयार झालेला आहे.

जंगलाकाठच्या घरातून पाहिलं तर हिशेब उलटा दिसतो. गडचिरोलीत मार्च-एप्रिलमध्ये बायका उजाडायच्या आत टोपल्या घेऊन मोहाखाली पोचतात, कारण फुलं पहाटे गळतात. मे महिन्यात तेंदूपत्ता. सकाळी तोडून आणलेली पानं अंगणात पसरायची, घरातल्या सगळ्यांनी बसून सत्तर-सत्तर पानांचे पुडे बांधायचे आणि संध्याकाळी ते फळीवर, म्हणजे खरेदीच्या जागी, नेऊन मोजून द्यायचे. इकडे जुन्नर-आंबेगावच्या डोंगरात बाळहिरडा. या घरांना सागाच्या ओंडक्याचा काय उपयोग? तो त्यांचा कधी नव्हताच. तेव्हा प्रश्नकर्त्याला हा शब्द खटकला ते योग्यच झालं, मलाही तो वर्षानुवर्षं खटकत आला आहे.

तरीही कायद्याच्या संदर्भात तो बदलू नये असं माझं ठाम मत आहे, आणि त्याला कारण आहे बांबू. बांबू हे गवत आहे, भात-गहू-उसाच्या कुळातलं. पण १९२७च्या भारतीय वन अधिनियमात 'वृक्ष' या शब्दाची जी व्याख्या होती तिच्यात ताडाबरोबर बांबूही घातलेला होता. वृक्ष ठरला म्हणून तो लाकडाच्या रांगेत गेला आणि वनखात्याच्या ताब्यात राहिला. कागद कारखान्यांना तो ठेक्यानं मिळे. गावाला मात्र निस्तारापुरता, म्हणजे कुडाला, छपराला, टोपलीला लागेल तेवढाच. तोही दरवेळी विचारून.

२००६च्या वनहक्क कायद्यानं गौण वनोपजाची यादी दिली. तिच्यात मध, मेण, लाख, तेंदूपानं, कंदमुळं, औषधी वनस्पती यांच्याबरोबर बांबूचं नाव घातलं, आणि गौण वनोपज गोळा करणं, वापरणं, विकणं यासकट त्याच्या मालकीचा हक्क मान्य केला. एका शब्दाच्या कक्षेतून दुसऱ्या शब्दाच्या कक्षेत आल्याबरोबर बांबूचा धनी बदलला! गडचिरोलीच्या धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ साली सुमारे १,८०० हेक्टरांवर सामूहिक वनहक्क मिळाला, पण बांबू विकून बाहेर न्यायचा तर वाहतूक परवाना लागे आणि तो खात्याच्या हातात. एप्रिल २०११मध्ये तेव्हाचे केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश मेंढ्याला आले आणि परवाने देण्याचा अधिकार ग्रामसभेकडे आला. मूळच्या 'वृक्ष'च्या व्याख्येतून बांबू निघायला मात्र २०१७ उजाडावं लागलं, म्हणजे नव्वद वर्षं.

ही नुसती मालकीची गोष्ट नाही. त्याच कायद्यात सामूहिक वन राखण्याचा, पुन्हा वाढवण्याचा आणि त्याचं व्यवस्थापन करण्याचा हक्कही आहे. बांबूच्या बेटात यंदाचे वास्ते, म्हणजे कोंब, आणि कोवळ्या काठ्या राखून पक्व तेवढ्याच काढल्या, तर ते बेट पुढेही देत राहतं. ठेकेदाराला पुढच्या वर्षाची फिकीर कशाला असेल? गावाला ती असते, कारण पुढच्या वर्षीही त्याच बेटाशी जायचं असतं.

म्हणून ग्रामसभेचा ठराव, दावा, अर्ज लिहिताना 'गौण वनोपज' हाच शब्द जसाच्या तसा ठेवा. 'अकाष्ठ वनोपज' हा पर्याय अर्थानं नेमका आहे, लेखात-भाषणात खुशाल वापरा. पण दाव्यात तो घातला तर कायद्यातल्या यादीशी असलेला धागा सैल होतो, आणि शंका काढायला बसलेल्याला आयतं निमित्त मिळतं. 'रानमेवा' चालणार नाही, त्यात करवंदं-जांभळं येतात, डिंक आणि लाख येत नाही. बातमी किंवा कथा लिहित असाल तर समूहवाचक शब्दाच्या मागेच लागू नका. मोह, चारोळी, हिरडा, डिंक अशी नावं घ्या. वेचणारी माणसंही नावंच घेतात.

राहिलं लेखन. 'उपज' हे 'उपजणे'चं भावंड, 'उत्पद्यते'पासून प्राकृतातून आलेलं, म्हणजे तद्भव. तत्सम 'वन'शी त्याचा संस्कृत संधी करू नये असं काटेकोर मंडळी म्हणतात आणि 'वनउपज' लिहितात. पण 'वनोपज' आता इतकं रुळलं आहे की ते चूक धरण्यात अर्थ नाही. एका मजकुरात दोन्ही मिसळू नका, इतकंच.